बाबांचा बैल आणि दारोदारच्या झडत्या

माझा भाचा मोबाइलवर प्राणी पाळतो आणि त्यांच्या झुंजी लावतो. परवा जेवता जेवता त्याला कुठूनतरी एक कोड सापडला. तो टाकल्याबरोबर त्याच्या पंखवाल्या सरड्याला फुकटात सोन्याचं चिलखत मिळालं. ताटातली पोळी वाळून पापड झाली तरी साहेब मला समजावत होते की मावशी, कोड शोधावे लागतात, काही बनावट निघतात, काही एकदा वापरले की शिळे होतात, आणि हे सगळं तुझ्या वेळी नव्हतं, तुला कळायचं नाही. मला असा राग आला म्हणता! माझ्या वेळी नव्हतं? अरे लबाडा, सौंसरच्या आमच्या गल्लीत आम्ही हेच करत होतो, फक्त लाकडावर.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे तान्हा पोळा असतो. आदल्या दिवशी खरे बैल मिरवून झालेले असतात, दुसरा दिवस पोरांच्या लाकडी बैलांचा. चाकांच्या पाटावर उभा केलेला नंदी दोरीनं ओढत घरोघर न्यायचा, दारात झडती म्हणायची, मग घरची बाई नंदीला कुंकू लावणार आणि बोजारा देणार. झडती म्हणजे चार ओळींचं यमक आणि शेवटी घसा फाटेस्तोवर 'हर हर महादेव'. बोजारा म्हणजे बक्षीस. कुठे नाणं, कुठे पेढा, कुठे नुसताच चण्याचा फुटाणा.

आता खरी गोष्ट अशी, की बोजारा काय मिळणार हे नंदीवर नव्हतं, झडतीवर होतं. प्रत्येक घराचं कुलूप वेगळं आणि त्याची किल्ली वेगळी. भलतीच झडती म्हटली की फुटाणे देऊन वाटेला लावायचे. बरोबर झडती बसली की दार सताड उघडायचं. हलवायाला स्वतःचं कौतुक लागायचं. त्याच्या दुकानासमोर म्हणायचं,

कढईत तूप अन् तुपात बुंदी,
हलवाईदादाची ऐपत खंदी,
दारात उभा माहा नंदी,
लाडू न देल्ला तं धंद्यात मंदी!

हे म्हटलं की तो मागचे शिळे लाडू सोडून पुढच्या परातीत हात घालायचा. कंपाउंडरचं उलटं होतं. त्याला स्वतःच्या कौतुकापेक्षा डॉक्टरची निंदा गोड लागे.

डॉक्टरसाहेबाची गिचमिड चिठ्ठी,
वाचता वाचता आवळते मुठ्ठी,
कंपाउंडरभाऊनं घेतली सुट्टी,
तं दवाखान्याची वाजते शिट्टी!

यावर तो आधी दवाखान्याच्या आत डोकावून बघायचा, मग गालात हसून आम्हाला व्हिटॅमिनच्या आंबटगोड गोळ्या मूठभर द्यायचा. आम्ही त्या चॉकलेटसारख्या खायचो आणि आमचं काही वाईट झालं नाही.

झडती एका घरी एका वर्षात एकदाच चाले. कुणी आधी म्हणून गेलं की ती शिळी. दुसऱ्यानं म्हटली तर घरची बाई म्हणायची, "हे झालं बापा, दुसरं सांग." म्हणून कोणत्या घरी काय चालतं हे आम्ही जिवापाड लपवून ठेवत असू. सख्ख्या भावाला सांगत नसू. झडती मिळवायची एकच सरळ वाट होती, टक्कर.

टक्कर अशी. श्रावणभर गल्लीतल्या एका सिमेंटच्या ओट्यावर दोन्ही टोकांना दोन बैल उभे करायचे आणि दोघांनी एकदम ढकलायचे. मधोमध डोक्याला डोकं भिडणार. ज्याचा बैल आडवा होईल त्यानं आपल्याजवळची एक झडती, घरासकट, जिंकणाऱ्याच्या कानात सांगायची आणि त्या वर्षी स्वतः वापरायची नाही. खोटी सांगितली तर महादेव बघून घेतो, असा नियम होता. महादेवाला तेवढाच उद्योग आहे असं आम्हाला खरंच वाटत असे.

या सगळ्या गल्लीचा राजा होता आरामशीनवाल्याचा, म्हणजे लाकूड कापायच्या गिरणीवाल्याचा, पोरगा. घरचं लाकूड, घरचं पॉलिश. त्याचा सागवानी बैल इतका चकचकीत की त्यात बघून भांग पाडावा. पांढुर्ण्याच्या मामानं मला आणून दिलेला बैल त्यानं एका टकरीत मधोमध फोडला. मी रडत घरी आले. योगायोगानं मामा आमच्याकडे जेवायला बसलेला होता.

"रडून काऊन राहिली? दुसरा आणून देतो," मामा म्हणाला.

बाबा म्हणाले, "राहू द्या. या वेळी मी बनवतो."

माझे बाबा पाटबंधारे खात्यात कारकून. अक्षर मोत्यासारखं, स्वभाव साखरेसारखा, आणि हात... हातांबद्दल काय बोलावं. मामा मंडळी संत्र्याच्या बागेतली. पेट्या ठोकण्यापासून मोटर दुरुस्त करण्यापर्यंत सगळं स्वतः करणारी. मामा खदखदून हसला. "तुम्ही कायले त्रास घेता जावईबापू? मागच्या दिवाळीत खिळा ठोकला तं अर्धी भिंत खाली आली."

बाबाही हसले. पण नंतर त्यांनी भात घेतला नाही. मी समोर बसले होते, मला दिसलं.

दुसऱ्या दिवशी ते बाभळीचा एक ओंडका घेऊन आले. ज्याला लाकडातलं काही कळतं तो खेळण्यासाठी बाभूळ घेत नाही, कारण बाभळीवर पटाशी चालवणं म्हणजे दगडावर चमचा चालवणं. बाबांना लाकडातलं कळत नव्हतं, म्हणून त्यांनी घेतली. कचेरीतून आले की शर्ट खुंटीला आणि बाबा अंगणात. आधी एक पाय लांब झाला म्हणून तो कापला. मग बाकीचे लांब झाले म्हणून ते कापले. मग पहिला पुन्हा लांब वाटायला लागला. असं करत करत बैलाचं पोट पाटाला टेकलं तेव्हा कुठे चारी पाय सारखे झाले. शिंगं कोरली ती कानांसारखी झाली आणि कान शिंगांसारखे. रंगासाठी त्यांनी चुन्यात गेरू कालवला, आणि बैल गुलाबी झाला. चाकं माझ्याच पांगुळगाड्याची काढली. ती तीनच असतात हे नंतर लक्षात आल्यामुळे चौथं चाक म्हणून बुटाच्या पॉलिशच्या डबीचं झाकण आलं. शेपटीला आईचं जुनं गंगावन लावलं. ते बैलापेक्षा लांब होतं.

दूधवाला सकाळी आला. अंगणात बघत म्हणाला, "वहिनी, हे डुक्कर कोणी आणून देल्लं?"

आईनं पदराचा बोळा तोंडात कोंबला, दुधाचं भांडं तसंच घेतलं आणि दार लावून घेतलं. स्वयंपाकघरात ती बराच वेळ भिंतीकडे तोंड करून उभी होती. तिचे खांदे हलत होते.

संध्याकाळी बाबांनी मला बोलावलं. अंगठ्याला पट्टी, केसांत भुसा. बैल त्यांनी पाटावर उभा केला होता आणि तोंडावर आनंद मावत नव्हता.

"दिसतो ना बैल?"

"दिसतो," मी म्हटलं.

"नीट पाहून सांग."

"एकदम बैल," मी म्हटलं. आणि त्या क्षणी मी ठरवलं की सौंसरमधल्या कुणीही, अगदी कुणीही, बाबांच्या कानावर पडेल असं डुक्कर म्हणता कामा नये. मला त्या बैलाची लाज वाटत होती हे खरं. पण बाबांचा चेहरा पडलेला बघणं मला त्याहून जड होतं.

आता पुढचं ऐका. दुसऱ्या दिवशी मी तो बैल ओट्यावर नेला. पोरं अशी हसली की एक जण ओट्यावरून खाली पडला. आरामशीनवाल्याचा पोरगा म्हणाला, "ए, डुकरासोबत माहा बैल लढत नाही."

"भेला का?" मी विचारलं.

भेला का म्हटल्यावर आमच्याकडे कुणालाच माघार घेता येत नाही. त्यानं बैल ढकलला, मी माझा ढकलला. सागवानी बैल ऐटीत आला, माझ्या गुलाबी प्राण्याच्या सखल डोक्यावर चढला आणि पलीकडे जाऊन उताणा पडला. माझा जागचा हलला नाही. हलणार कसा? बाभळीचं वजन, पोट पाटाला, डोकं खाली. त्याला पाडायला खरा बैल आणावा लागला असता.

त्या श्रावणात मी गल्ली लुटली. रोज टक्कर, रोज एक नवी झडती कानात. शिंप्याच्या घराची मिळाली, पीठगिरणीची मिळाली, पोस्टमनच्या आईची मिळाली. तिला म्हणे झडतीत सुनेचं नाव आलेलं चालत नाही. शेवटी आरामशीनवाल्याच्या पोरानं पुन्हा हरून, दात ओठ खात, सगळ्यात मोठी झडती दिली. गल्लीच्या टोकाला एक रिटायर मास्तर राहत, सगळे त्यांना काकाजी म्हणत आणि त्यांच्या बायकोला काकू. ते दोघं आमच्या गल्लीपुरते तान्ह्या पोळ्याचे पंच. त्यांच्या दारात पहिला नंबर ठरायचा आणि जिंकलेल्या नंदीच्या गळ्यात काकू पितळी घुंगरमाळ बांधायच्या.

"काकाजीच्या घरी पांढुर्ण्याची तारीफ करायची," तो कानात म्हणाला. "मागच्या साली तेच केलं मी. माळ भेटली."

महादेवाची शपथ, तो खोटं बोलला नव्हता.

तान्ह्या पोळ्याच्या सकाळी मी बैलाला हार घालत होते, तर बाबा इस्त्रीचा शर्ट घालून बाहेर आले. "चल, मीही येतो. रजा टाकली आज. मी दुरूनच पाहतो, बोलत काही नाही."

आईनं माझ्याकडे पाहिलं. मी आईकडे पाहिलं. मी मनातल्या मनात जामसावळीच्या हनुमानाला नारळ बोलले आणि निघाले.

मी वाटेतच एक झडती रचली. आजवर माझ्या हातून झालेली तेवढीच एक कामाची कविता. दार उघडलं, घरच्यांची नजर खाली गेली, भुवया वर गेल्या आणि तोंडातून 'हे काय...' निघायच्या आत मी ओरडायचे,

बैल बैल बैल बैल,
शिंगाले लावलं एरंडीचं तेल,
ज्याले वाटन दुसरं काही,
तो वार्षिक परीक्षेत फेल!

आणि श्वास न घेता लगेच त्या घराची खरी झडती. हलवाई 'हे' एवढंच म्हणू शकला, पुढे लाडूच आले. कंपाउंडरनं चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला, पण तोवर डॉक्टरची निंदा सुरू झाली होती. शिंपीणबाईंनी कुंकू लावायला बोट पुढे केलं आणि कपाळ कोणत्या बाजूला हे न समजून बोट हवेत फिरवलं. मी तिकडेच पाट वळवला. बाबा रस्त्याच्या पलीकडून बघत होते आणि प्रत्येक दारानंतर त्यांची छाती थोडी फुगत होती. माझा घसा बसत चालला होता, पण मला कोण आनंद झाला होता! पिशवीत पेढ्यांचा पुडा होता आणि अजून कुणी तो शब्द उच्चारला नव्हता.

राहिलं काकाजींचं घर.

इथे मला एक गोष्ट समजायला हवी होती, आणि ती न समजण्याइतकी मी मूर्ख होते. तान्हा पोळा ज्या दिवशी, त्याच दिवशी पांढुर्ण्याला गोटमार. जाम नदीच्या पात्रात पळसाच्या झाडावर झेंडा, अल्याड पांढुर्णा, पल्याड सावरगाव, आणि मधून दगडांचा मारा. झेंडा जे गाव नेईल ते जिंकलं. काकाजी मूळचे पांढुर्ण्याचे. आणि काकू सावरगावच्या. वर्षभर दोघं एका ताटात जेवतील इतकं गोडीगुलाबीनं राहायचे. त्या एका दिवशी मात्र सकाळपासून अबोला. नदीवर जात कुणी नव्हतं, दोघांनाही रक्त बघवत नसे. पण झेंडा कुणी नेला ही बातमी येईस्तोवर काकाजी पुढच्या खोलीत आणि काकू मागच्या. म्हणजे त्या घराला कुलपं दोन होती. मागच्या वर्षी आरामशीनवाल्याच्या पोराला दार काकाजींनी उघडलं होतं.

मला काकूंनी उघडलं.

मी आधी बैल बैल बैल बैल म्हणून घेतलं. काकू हसल्या. आणि मग मी, सगळा जीव घशात आणून, सुरू केलं,

पांढुर्ण्याचं संत्रं रसानं भरलं,
सावरगावचं झाडावरच सुकलं,
पांढुर्ण्याच्या बैलानं शिंग उगारलं,
सावरगाव नदीपल्याड पळत सुटलं!

'हर हर महादेव' मी म्हटलं, पण एकटीनंच. काकूंचं हसू जागच्या जागी आंबलं.

"अस्सं? मंग जा ना पांढुर्ण्याले बोजारा मागाले," त्या म्हणाल्या. मग त्यांची नजर खाली गेली आणि आवाज चढला. "आणि हे डुक्कर कोणाचं आणलं माह्या दारात?"

बाबा फाटकापाशीच उभे होते.

मी मागे वळून बघितलं नाही. मला रडू फुटणार होतं. पण रडायला सवड मिळाली नाही, कारण पांढुर्ण्याची तारीफ ऐकून काकाजी धोतर सावरत आतून धावत आले होते.

"डुक्कर? कोणाले डुक्कर म्हणून राहिली? बैल आहे हा. पांढुर्ण्याचा अस्सल बैल!"

"बैलाचं नाक असं चपटं असते का?"

"सावरगावात बैल पाहिला असन तं कळन ना!"

सकाळपासूनचा अबोला सुटला तो असा. काकू म्हणाल्या रंग बघा. काकाजी म्हणाले शेपटी बघा. काकू म्हणाल्या, शेपटी नाही, ते गंगावन आहे, मी बायकोमाणूस आहे, मला गंगावन कळतं. शेजारचे जमले. गल्लीत बरेच जण पांढुर्ण्याचे सोयरे, काही सावरगावचे, आणि बघता बघता लोकांच्या दोन फळ्या झाल्या, एक बैल म्हणणारी आणि एक डुक्कर म्हणणारी. प्राण्याकडे कुणी बघतसुद्धा नव्हतं. आरामशीनवाल्याचा पोरगा, सावरगावचा भाचा असून, बैलाच्या बाजूनं गळा काढत होता. डुकराकडून हरलो असं त्याला म्हणवत नव्हतं.

शेवटी काकाजींना बाबा दिसले. "बाबूसाहेब, इकडे या! तुमच्याच घरचा आहे ना? तुम्हीच सांगा, बैल का डुक्कर?"

बाबा पुढे आले. पाटासमोर थांबले आणि मान तिरकी करून बघायला लागले. घरी ते त्या बैलाकडे नेहमी वरून, हातात पटाशी धरून बघायचे. आता लोकांमध्ये उभे राहून बघत होते. मला वाटलं, जमीन दुभंगावी आणि मला घ्यावं, बैलालाही घ्यावं.

"खरं सांगू का," बाबा म्हणाले, "बसलो तं बैलच करायले होतो."

एक क्षण कुणाला कळलं नाही. मग काकू हसल्या. आधी पदराआड, मग पदर सोडून, मग दाराची चौकट धरून खाली बसल्या. काकाजी हसले, गल्ली हसली, आणि मी बघते तर सगळ्यात जास्त बाबा हसत होते. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर. काकूंनी बसल्या बसल्याच बैलाला कुंकू लावलं, बरोबर कपाळावर. घुंगरमाळ मात्र सागवानी बैलाला मिळाली. पंच म्हणजे पंच.

परत येताना बाबांनी बैल खांद्यावर घेतला होता.

"तुला माहीत होतं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"मंग सांगितलं काऊन नाही?"

"तुम्ही विचारलंच कुठे? तुम्ही 'कसा दिसते' असं नव्हतं विचारलं. 'दिसतो ना बैल' असं विचारलं होतं."

थोडं पुढे गेल्यावर त्यांना काय लहर आली कोण जाणे, त्यांनी माझ्या पिशवीतून पेढ्यांचा पुडा काढला आणि बाजारात भेटेल त्याला थांबवून विचारायला लागले, "ओळखा पाहू काय आहे? बरोबर ओळखलं तं पेढा." पानवाला म्हणाला डुक्कर. सायकलवाला म्हणाला घोरपड. कचेरीतले त्यांचे बडे बाबू गंभीर होऊन म्हणाले, "गेंडा असावा." बाबा प्रत्येक उत्तराला मान हलवून हसत होते, आणि पेढा काही कुणाला मिळत नव्हता. मीही हसत होते, पण मला कळत होतं की प्रत्येक वेळी ते जरा जास्तच मोठ्यानं हसताहेत.

घरी आलो तर आई दारातच उभी होती. गल्लीतली गोष्ट आमच्या आधी घरी पोचली होती, हे तिच्याकडे बघूनच समजलं.

बाबांनी बैल खाली ठेवला. हसतच म्हणाले, "ओळख, काय आहे?"

आईनं बैलाकडे बघितलंच नाही. ती बाबांकडे बघत होती. पदराचा बोळा नाही, हसू नाही, काही नाही.

"बैल," ती म्हणाली. "दुसरं काय असन?"

बाबांचं हसणं थांबलं. त्यांनी पुडा उघडला, त्यातला पेढा काढून आईच्या हातावर ठेवला आणि हात धुवायच्या निमित्तानं घाईघाईनं न्हाणीकडे गेले. त्या दिवशीचा सगळ्यात मोठा बोजारा आईला मिळाला, आणि तिला झडतीसुद्धा म्हणावी लागली नाही.